तीन सिलिंडर की चार? आधी जुनी आरसी काढून बघा

प्रश्न : आम्ही इंदूरला लोकमान्य नगरात राहतो. मिस्टर बँकेतून रिटायर झालेत, गाडी जास्त करून मीच चालवते. सध्याची पेट्रोल हॅचबॅक 2012 ची, चार सिलिंडरची आहे. अलीकडे सिग्नलला उभी असली की थरथरते. भाचा म्हणतो इंजिन गेलं, विकून टाका. नवी घ्यायची म्हणून एक टेस्ट ड्राइव्ह घेतली. गाडी आवडली, पण एसी लावून उभी असताना स्टिअरिंग आणि सीट बारीक हलत होती. मला मानेचा त्रास आहे, त्यामुळे ते लगेच जाणवलं. मी विचारलं तर सेल्समन ह्यांच्याकडे बघून म्हणाला, "सर, थ्री सिलिंडर आहे, ॲव्हरेज छान देते." भाच्याचं म्हणणं, तीन सिलिंडर म्हणजे कंपनीने एक सिलिंडर खाल्ला, असलं इंजिन लवकर बसतं; आपली मारुती 800 कशी चार सिलिंडरवर वर्षानुवर्षं चालली. त्यात मुलगा पीथमपूरला नोकरीला लागलाय. त्याला 650 ची डबल सिलिंडर बाइक हवी, आवाज म्हणे व्ही-ट्विनसारखा आहे. हे म्हणतात 350 पुरे, डबल सिलिंडर म्हणजे डबल खर्च, मी दोन सायलेन्सरची येझदी चालवलीय, मला सांगू नका. रोज जेवताना हाच विषय, आणि मला कुणी नीट समजावून सांगत नाही. तीन की चार? एक की दोन? इनलाइन, व्ही, बॉक्सर हे काय असतं? आमची गाडी वर्षाला सात-आठ हजार किलोमीटर चालते.

उत्तर :

ताई, तुमच्या घरातले दोन दावे आधी निकालात काढू, म्हणजे पुढचं बोलणं सोपं होईल.

मारुती 800 चार सिलिंडरची कधीच नव्हती. डिसेंबर 1983 मध्ये पहिली गाडी रस्त्यावर आली, 2014 मध्ये उत्पादन थांबलं, आणि या सगळ्या काळात तिच्यात 796 सीसीचं तीन सिलिंडरचं इंजिन होतं. जुनी आरसी घरात कुठे असेल तर शोधा. तिच्यावर सिलिंडरच्या संख्येचा वेगळा रकाना असतो, तो भाच्याला दाखवा. ज्या गाडीचं तो इतकं कौतुक करतो, तिनेच तीन सिलिंडरवर तुमचा संसार वाहिला.

दुसरं, ह्यांची येझदी. ती 250 सीसीची असेल तर सिलिंडर एकच. त्या एका सिलिंडरमधून जळालेला वायू बाहेर काढायला दोन वाटा ठेवल्या होत्या, म्हणून दोन्ही बाजूंना सायलेन्सर. त्याच काळातली राजदूत 350 मात्र खरोखर दोन सिलिंडरची, टू-स्ट्रोक. सायलेन्सर मोजून सिलिंडर कळत नाहीत आणि प्लग मोजूनही कळत नाहीत. पल्सरच्या कित्येक मॉडेलमध्ये एकाच सिलिंडरला दोन प्लग आहेत, 200 एनएसला तर तीन. आरसी बघणं हाच सरळ मार्ग.

आता तुमच्या स्टिअरिंगकडे येऊ. इंजिन हलतं त्याची कारणं दोन आहेत आणि ती वेगवेगळी ठेवली तरच हे प्रकरण उलगडतं. एक, सिलिंडरमध्ये, म्हणजे इंजिनातल्या नळीत, इंधन पेटल्यावर बसणारे ठोके. दुसरं, त्या नळीत पिस्टनसारख्या जड वस्तूचं सतत वर-खाली पळणं.

ठोक्यांचं आधी. फोर-स्ट्रोक इंजिनात क्रँकच्या, म्हणजे पिस्टन ज्याला गोल फिरवतात त्या दांड्याच्या, दर दोन फेऱ्यांत प्रत्येक सिलिंडर एकदाच जोर लावतो. उखळात एकटी बाई कांडत असेल तर ठोका पडतो, मग पोकळी, मग पुन्हा ठोका. दोघी आळीपाळीने मुसळ घालायला लागल्या की मधली पोकळी भरते, तिघी असल्या तर आणखी भरते. सिलिंडर वाढवण्यामागचा पहिला हेतू हाच. आकड्यांत बघा. गाडी सिग्नलला उभी आहे, इंजिन मिनिटाला 750 फेरे मारतंय. चार सिलिंडर असतील तर सेकंदाला 25 ठोके पडतात. तीन असतील तर 19 च्या आसपास. एकच सिलिंडर असता तर फक्त सहा. इंजिन ज्या रबरांवर बसवलेलं असतं, ज्यांना आपले मेकॅनिक फाउंडेशन म्हणतात, ती रबरं भराभर येणारे छोटे ठोके सहज पिऊन टाकतात. सावकाश येणारे, जरा मोठे ठोके मात्र त्यांच्यातून निसटून बॉडीत, तिथून सीटमध्ये आणि स्टिअरिंगमध्ये पोहोचतात. त्यात एसीचा कॉम्प्रेसर चालू, म्हणजे इंजिनावर ओझं. तुम्हाला जाणवलं ते हेच. तो तुमचा भ्रम नव्हता आणि मानेमुळे वाटलं असंही नाही.

पण तीच गाडी 2000 फेऱ्यांवर पळते तेव्हा तीन सिलिंडरमधूनसुद्धा सेकंदाला 50 ठोके पडतात आणि थरथर जवळजवळ नाहीशी होते. म्हणून तीन सिलिंडरची गाडी पलासियाच्या सिग्नलला हलते आणि बायपासला हलत नाही. कोणती गाडी कशी आहे हे ठरवायचं तर आपण दिवसाचा किती वेळ सिग्नलला उभे असतो हेही धरायला हवं.

दुसरं कारण पिस्टनचं. पिस्टन वर जातो, थांबतो, उलटा फिरतो, खाली जातो, पुन्हा थांबतो. दर वेळी तो इंजिनाला उलट दिशेने ढकलतो. चार सिलिंडरच्या इनलाइन इंजिनात, म्हणजे जिथे सिलिंडर एका ओळीत उभे असतात तिथे, पहिला आणि चौथा पिस्टन वर असतात तेव्हा दुसरा आणि तिसरा खाली असतात. दोघांचं ढकलणं दोघं रद्द करतात, आणि मांडणी मधोमध सारखी असल्यामुळे इंजिन या टोकाकडून त्या टोकाकडे डोलतही नाही. फार सुंदर मांडणी आहे ही, आणि जगभरच्या गाड्यांत इतकी वर्षं टिकली ती उगाच नाही.

तरीसुद्धा थोडं उरतंच. का, ते एका उदाहरणाने सांगते, कारण हे एकदा कळलं की चार सिलिंडरबद्दलचा आंधळा आदर जातो. समजा पिस्टनची पूर्ण धाव 80 मिलिमीटर आहे आणि पिस्टनला क्रँकशी जोडणारा कनेक्टिंग रॉड 140 मिलिमीटर लांब. क्रँक सगळ्यात वरून पाव फेरा फिरला. पिस्टन अर्ध्यावर, म्हणजे 40 मिलिमीटर खाली आला असेल असं आपल्याला वाटतं. प्रत्यक्षात तो सुमारे 46 मिलिमीटर खाली आलेला असतो, कारण रॉड तिरपा झाला की त्याची उभी लांबी कमी पडते. पुढच्या पाव फेऱ्यात उरलेले 34 मिलिमीटर. म्हणजे वरच्या अर्ध्यात पिस्टन घाईने पळतो, खालच्या अर्ध्यात निवांत. त्यामुळे वरून निघालेले दोन आणि खालून निघालेले दोन यांचा हिशेब पुरता जुळत नाही, आणि दर फेऱ्याला दोनदा एक बारीक धक्का शिल्लक राहतो. वेग दुप्पट झाला की तो चौपट होतो. चार सिलिंडरची गाडी जोरात दामटली की पायाखाली जी झिणझिण येते ती ही.

इंग्लंडच्या फ्रेडरिक लँचेस्टरने यावर शंभर वर्षांपूर्वीच उपाय काढला होता : इंजिनाच्या दुप्पट वेगाने एकमेकांविरुद्ध फिरणारे, मुद्दाम एका बाजूला जड केलेले दोन शाफ्ट. 1970 च्या दशकात मित्सुबिशीने ते पुन्हा प्रचारात आणले. हल्ली दोन लिटरच्या आसपासच्या आणि त्याहून मोठ्या चार सिलिंडरच्या कित्येक इंजिनांत ते असतात. 1.2 लिटरच्या आसपासच्या लहान गाडीत पिस्टनच लहान, त्यामुळे उरलेला धक्काही लहान, आणि शाफ्टवाचून भागतं.

तीन सिलिंडरच्या इंजिनात उलटा प्रकार आहे. तिथे क्रँकवर पिस्टन एकमेकांपासून 120 अंशांवर बसवलेले असतात आणि तिघांचं वर-खाली ढकलणं बेरजेत शून्य होतं. चारमध्ये जो बारीक धक्का उरतो तोसुद्धा इथे उरत नाही. पण ती तीन ढकलणी एका जागी होत नाहीत. एका टोकाचा पिस्टन वर ओढतो तेव्हा दुसऱ्या टोकाचा वेगळंच काही करत असतो. त्यामुळे इंजिन पुढे-मागे डोलायला बघतं. काही कंपन्या त्यासाठी एक बॅलन्सर शाफ्ट, म्हणजे तसाच एका बाजूला जड केलेला शाफ्ट, घालतात. फोर्डने 1.0 लिटरच्या इकोबूस्टमध्ये, जे आपल्याकडे इकोस्पोर्टमध्ये आलं होतं, शाफ्ट न घालता क्रँकच्या दोन टोकांवरची चाकं, पुली आणि फ्लायव्हील, मुद्दाम एका बाजूला जड केली आणि डोलण्याची दिशाच वळवली, म्हणजे फाउंडेशनला ते सहज पेलता यावं. म्हणजे तीन सिलिंडरची गाडी म्हणजे अर्धवट गाडी नव्हे. तिचा त्रास वेगळ्या जागी आहे, आणि तो कंपनीने किती कष्ट घेऊन शमवला यावर सगळं अवलंबून आहे. दोन कंपन्यांच्या तीन सिलिंडरच्या गाड्यांत जमीन-अस्मानाचा फरक पडू शकतो.

मग कंपन्या तीनकडे का वळल्या? भाचा म्हणतो ते थोडं खरं आहे : एक सिलिंडर कमी म्हणजे एक पिस्टन, एक रॉड, चार व्हॉल्व्ह, एक प्लग, एक इंजेक्टर कमी, आणि कंपनीचा पैसा वाचतो. पण तेवढंच नाही. घासणारे भाग कमी म्हणजे घर्षणात वाया जाणारी ताकद कमी. 1200 सीसी चौघांत वाटले तर प्रत्येकी 300, तिघांत वाटले तर 400. मोठ्या सिलिंडरमध्ये आतल्या वायूच्या मानाने भिंतीचा पृष्ठभाग कमी असतो, म्हणून उष्णता भिंतीतून कमी निसटते. इंजिन आखूड होतं, बोनेटखाली आडवं सहज बसतं. टर्बो, म्हणजे बाहेर पडणाऱ्या वायूच्या जोरावर जास्त हवा आत ढकलणारा पंखा, लावायचा असेल तर तीन सिलिंडरमधून येणारे वायूचे झोत एकमेकांच्या आड येत नाहीत. आपल्याकडे चार मीटरच्या आत लांबी आणि 1200 सीसीच्या आत पेट्रोल इंजिन असलं तर कर कमी बसतो, त्यामुळे सगळ्यांची धडपड या चौकटीतच चाललेली असते. स्विफ्टसुद्धा, जी इतकी वर्षं चार सिलिंडरची होती, 2024 मध्ये तीनवर आली.

"इंजिन लवकर बसेल" ही भीती मात्र सोडून द्या. सिलिंडरच्या संख्येवरून आयुष्य ठरत नाही. वेळेवर ऑइल, कूलंट आणि एअर फिल्टर यांवर ठरतं.

तर तुम्ही काय घ्यावं? मी तुमच्या जागी असते तर चार सिलिंडरची घेतली असती, आणि त्याचं कारण तुमचं वर्षाचं धावणं आहे. आठ हजार किलोमीटर धरा. तीन सिलिंडरच्या गाडीने लिटरला 20 दिले आणि चारच्या गाडीने 18, तर वर्षाला 400 लिटर विरुद्ध 444 लिटर. पेट्रोल 107 रुपये धरलं तर फरक पावणेपाच हजारांच्या आसपास, महिन्याला चारशे रुपये. तुमचं चालवणं बहुतेक राजवाडा, पलासिया, विजय नगर असं गावातलंच असणार, म्हणजे सिग्नलला उभं राहणं भरपूर, आणि तुमची तक्रार नेमकी तिथलीच आहे. महिन्याला चारशे रुपयांत ती मिटत असेल तर मिटवावी. रोज देवासला जा-ये करणारं कुणी विचारलं असतं तर मी उलट सांगितलं असतं. 1.2 लिटर, चार सिलिंडर अशी पेट्रोल इंजिनं बलेनो, अमेझ, निऑस अशा गाड्यांत मिळतात. घेताना नेमक्या मॉडेलची माहिती पुन्हा विचारून घ्या, कारण हे बदलत असतं.

आणि माझ्या शब्दावर जाऊ नका, स्वतः बसून बघा. वॅगन आर त्यासाठी फार कामाची आहे, कारण एकाच बॉडीत ती 1.0 लिटर तीन सिलिंडर आणि 1.2 लिटर चार सिलिंडर अशी दोन्ही मिळते. घ्यायची नसली तरी एकाच दिवशी एकामागून एक दोन्ही चालवा. फरक मनात पक्का होईल आणि मग दुसऱ्या कुठल्याही गाडीत बसल्यावर तुम्हाला कळेल की तुम्ही काय शोधताय. इंजिन गरम झाल्यावरच बघायचं, थंड इंजिन आयडलला, म्हणजे गाडी उभी असताना, जास्त फेरे मारतं आणि दोष लपतो. एसी पूर्ण, गाडी उभी, हात स्टिअरिंगवर सैल. आरशातून मागच्या गाडीची नंबरप्लेट वाचा. अक्षरं पुसट होत असतील तर आरसा हलतोय. अर्धी भरलेली पाण्याची बाटली कपहोल्डरमध्ये ठेवून पाण्याकडे बघा. डोकं हेडरेस्टला टेकवा. तुमच्या मानेचं उत्तर तिथे मिळेल. मग एखाद्या मॉलच्या बेसमेंटच्या रॅम्पवर मुद्दाम दुसऱ्या गिअरमध्ये, कमी वेगात चढवा. तीन सिलिंडर कमी फेऱ्यांवर ओझं घेताना जास्त कुरकुरतात, ते तिथे उघड होईल. ओंकारेश्वरहून परतताना भेरूघाटात हेच घडतं. तिथे वेळेवर गिअर उतरवला की गाडी बिनतक्रार चढते.

शोरूममध्ये पुन्हा जाल तेव्हा टेस्ट ड्राइव्हचा फॉर्म तुमच्या नावाने भरा आणि बॅलन्सर शाफ्ट आहे का, हे तुम्हीच विचारा. चालवणार तुम्ही आहात, तर उत्तर तुमच्या तोंडाकडे बघून मिळालं पाहिजे. सेल्समनला माहीत नसेल तर त्याने सर्व्हिसमधल्या माणसाला बोलवावं. असा आग्रह धरायला संकोच करू नका.

व्ही आणि बॉक्सरबद्दल विचारलंत. सिलिंडर दोन ओळींत, वरून फाकलेले आणि खाली एकाच क्रँकला जोडलेले, ती व्ही मांडणी. सहा किंवा आठ सिलिंडर एका ओळीत मावत नाहीत तेव्हा ती उपयोगी पडते. समोरासमोर आडवे झोपवले तर बॉक्सर : दोन्हीकडचे पिस्टन एकाच वेळी बाहेर जातात, एकाच वेळी आत येतात, एकमेकांना रद्द करतात. बीएमडब्ल्यूने 1923 च्या आर 32 बाइकपासून ही मांडणी धरली ती आजही सोडलेली नाही. मोटारींत जुनी बीटल, सुबारू आणि पोर्शे 911 यांच्यात तीच आहे. आणि सगळ्यात शांत कोण विचाराल तर एका ओळीतले सहा. त्यात ढकलणंही उरत नाही, डोलणंही उरत नाही. घरगुती गाडीत ते फार लांब पडतं, पण रात्रीच्या पुण्याच्या व्होल्वो बसमध्ये तुम्ही गेला असाल तर तुमच्या सीटमागे तेच चाललेलं होतं. मुलाला सांगा, त्याच्याच पीथमपूरला व्हीई कमर्शियलच्या कारखान्यात व्होल्वो समूहासाठी चार आणि सहा सिलिंडरची डिझेल इंजिनं बनतात. ओळख निघाली तर बघून ये म्हणावं.

आता त्याची बाइक.

आवाजाबद्दल तो बरोबर बोलतोय, आणि त्याने हे नीट वाचलेलं दिसतं. रॉयल एनफिल्डची 650, 2018 मध्ये आलेली, 648 सीसीची पॅरलल ट्विन आहे : दोन सिलिंडर शेजारी-शेजारी. अशा इंजिनात दोन पिस्टन एकमेकांच्या किती मागे-पुढे ठेवायचे हा खरा प्रश्न असतो. जुन्या ब्रिटिश बाइकमध्ये दोन्ही एकत्र वर, एकत्र खाली जायचे. ठोके समान अंतराने पडायचे पण हादरे सिंगलसारखेच. एक वर, एक खाली ठेवला तर ढकलणं रद्द होतं पण इंजिन डोलतं. या 650 मध्ये क्रँक 270 अंशांचा आहे. एक पिस्टन टोकाला थांबलेला असतो तेव्हा दुसरा मधल्या धावेत असतो. त्यामुळे मघाशी 46 आणि 34 मिलिमीटरचा जो हिशेब सांगितला, त्यातून येणारा बारीक धक्का इथे रद्द होतो, आणि उरलेलं बॅलन्सर शाफ्ट सांभाळतो. ठोके पडतात ते 270 अंशांवर आणि मग 450 अंशांवर, लांब-आखूड, लांब-आखूड. 90 अंशांच्या व्ही-ट्विनमध्ये, उदाहरणार्थ डुकाटीत, हेच अंतर असतं. म्हणून कानाला ती व्ही वाटते. हार्लेचं व्ही 45 अंशांचं, तिथे 315 आणि 405, म्हणून तिचा अडखळत पडणारा ठोका आणखी वेगळा. टाकीवरच्या नावावर मात्र जाऊ नये : हिरोने बनवलेली हार्ले एक्स 440 आणि बजाजने बनवलेली ट्रायम्फ स्पीड 400, दोन्ही सिंगल सिलिंडर आहेत, आणि आपापल्या जागी चांगल्या आहेत.

ह्यांचं "डबल सिलिंडर, डबल खर्च" तितकंसं खरं नाही. क्रँककेस, गिअरबॉक्स, क्लच, चेन एकच असते. प्लग एक जास्त, ऑइल जास्त, टायर महाग. खरा फरक दुसरीकडे आहे. 22 सप्टेंबर 2025 पासून 350 सीसीपर्यंतच्या बाइकवर जीएसटी 18 टक्के आणि त्यावरच्या बाइकवर 40 टक्के आहे. थर्ड पार्टी विम्याचा गटही 350 नंतर बदलतो. ॲव्हरेज साधारण 35 च्या जागी 25 धरायचं. लोकमान्य नगर ते पीथमपूर रोज जाऊन-येऊन पन्नासेक किलोमीटर, म्हणजे रोज दीड लिटरच्या जागी दोन लिटर. आणि राऊ सर्कलला मे महिन्यात दुपारी अडकलं की 650 सीसीची आंच मांडीला कळते.

सिंगल म्हणजे हाडं खिळखिळी, हेही आता जुनं झालं. जुनी बुलेट 346 सीसीची, पिस्टनची धाव 90 मिलिमीटर, आणि हादऱ्यांना उत्तर देणारं आत काही नाही. 2020 नंतरच्या 349 सीसीच्या इंजिनात धाव 85.8 मिलिमीटर आहे आणि बॅलन्सर शाफ्ट आहे. सिंगलचं निम्मं ढकलणं क्रँकवरचं वजन मारतं, उरलेलं निम्मं उलट फिरणारा हा शाफ्ट. ह्यांच्या मनात जुनी बुलेट असेल तर एकदा त्यांनाच नवी 350 चालवायला द्या.

माझं मत विचाराल तर नुसत्या पीथमपूरच्या जा-येसाठी 350. त्या रस्त्यावर ट्रक आहेत, वेग ऐंशीच्या आतच बरा, आणि तिथे दुसरा सिलिंडर काही मिळवून देत नाही. पण मुलाला सुटीच्या दिवशी मांडू, महेश्वर, कधी थेट मुंबई असं लांब जायचं असेल, हप्ता स्वतःच्या पगारातून भरणार असेल, आणि दोनशे किलोच्या वरची ती बाइक तुमच्या गल्लीत एकट्याने मागे ढकलून लावता येत असेल, तर 650 ही समजूतदार निवड आहे. शंभरच्या वेगाला सिंगल मेहनत करत असतो आणि ट्विन निवांत असते. लांब रस्त्यावर थकवा कमी येतो तो यामुळे. हा शौक बिनडोक नाही, एवढं ह्यांना माझ्या वतीने सांगा.

राहिली तुमची जुनी गाडी. चार सिलिंडरची गाडी नव्याने थरथरायला लागली तर पहिला संशय इंजिन गेल्याचा घेऊ नये. बोनेट उघडा, हँडब्रेक पक्का ओढा, समोर कुणी उभं नसावं. ब्रेक दाबून ठेवून पहिल्या गिअरमध्ये क्लच अगदी किंचित सोडायला सांगा आणि तुम्ही बाजूला उभं राहून बघा. इंजिन एका बाजूने उचकून वर येत असेल तर फाउंडेशन फाटलंय. बारा-तेरा वर्षांत रबर जाणारच, आणि ते बदलणं इंजिन उघडण्याच्या मानाने फारच कमी खर्चाचं काम आहे. इंजिन जागचं हलत नाही पण आयडलला मध्येच ठोका चुकल्यासारखं वाटतं, म्हणजे गाडी मिसिंग करतेय : प्लग, इग्निशन कॉइल, थ्रॉटल बॉडीची सफाई, या क्रमाने बघायला सांगा. एक सिलिंडर पेटतच नसेल तर मेकॅनिक एकेका कॉइलचं कनेक्शन काढून दोन मिनिटांत शोधतो. ज्याचं काढल्यावर इंजिनाच्या चालीत काहीच फरक पडत नाही तो मेलेला. चेक इंजिनचा दिवा लुकलुकत असेल तर मात्र तशी चालवू नका, न जळलेलं पेट्रोल धूर शुद्ध करणाऱ्या कॅटॅलिटिक कन्व्हर्टरमध्ये जाऊन तो जळतो आणि तो महाग आहे. एक्स्चेंजच्या माणसाला गाडी दाखवायच्या आधी हे करून घ्या, कारण थरथरणाऱ्या गाडीची किंमत तोही भाच्यासारखीच "इंजिन गेलं" म्हणून पाडतो. आणि दुरुस्तीनंतर ती पूर्वीसारखी शांत झाली, तर नवी गाडी याच वर्षी घ्यायची की नाही हेही एकदा नव्याने ठरवा.